शेवट सांगणारे मामा

हातातली वेताची काठी मामा तीनदा जमिनीवर आपटत आणि आपल्याकडेच वळून विचारत, "मंग काय जयं?" जणू पुढे काय झालं ते त्यांना ठाऊकच नव्हतं, आणि आपण सांगितलं तर त्यांच्यावर मोठे उपकार होणार होते.

पडद्यावरची माणसं तेव्हा मुकी होती. नंदुरबारला मिरचीचा हंगाम लागला की गावाबाहेर, लाल मिरच्या पसरलेल्या पथाऱ्यांच्या पलीकडे, सिनेमाचा तंबू पडायचा. तोंडं हलायची, आवाज नाही. मध्येच पडदा काळा होऊन त्यावर गुजरातीत, हिंदीत, कुठे मराठीत दोन ओळी उमटायच्या आणि आपल्या अहिराणी बोलणाऱ्या, अंगठा उठवणाऱ्या प्रेक्षकांच्या डोक्यावरून निघून जायच्या. म्हणून तंबूच्या शेठनं एक सांगणारा ठेवला होता. पडद्याच्या डाव्या अंगाला, बायकांच्या बाजूला, मामा उभे राहत. काळे, किडकिडीत, एका खांद्यावर मळकं उपरणं. घोडा धावला की हातातल्या नारळाच्या करवंट्या वाजवत. बाई रडली की बाईसारखं रडत. बंदूक उडाली की असा "ठो" करत, की माझी आई दर खेपेला दचकून माझ्याच पाठीत धपाटा घाली.

त्यांचं नाव मला आजही माहीत नाही. सगळे मामा म्हणत, मीही म्हणे.

आता माझ्याबद्दल सांगते, कारण त्याशिवाय ही गोष्ट पुढे सरकत नाही. वय अकरा, तेल लावून घट्ट घातलेल्या दोन वेण्या, आणि मराठी शाळेतल्या मास्तरांची मुलगी. मला वाचता येत होतं. हे गावात कोणाला कळायचं राहून जाऊ नये म्हणून मी दिसेल ते मोठ्यानं वाची. दुकानाची पाटी, औषधाची बाटली, स्टेशनावरचं "येथे थुंकू नये". एकदा तर वाण्यानं पुडी बांधलेल्या कागदावरची कोणाच्या तरी मयताची बातमी मी भर दुकानात, ताला-सुरात वाचली होती. असलं कार्टं आज माझ्या घरात असतं तर मी त्याला कणगीत कोंडलं असतं.

त्या वर्षीचा सिनेमा मुखवटेवाल्याचा. काळा मुखवटा, काळा अंगरखा, अंगात दहा बैलांचं बळ. धावत्या गाडीच्या टपावरून उडी मारी, एका हातानं दरोडेखोर उचलून दुसऱ्या दरोडेखोरावर फेकी. गोळी त्याच्या अंगाला लागायला लाजायची. शेवटी दुष्ट सरदार नदीवरचा पूल तोडतो आणि समोरून माणसांनी भरलेली आगगाडी येते. मुखवटेवाला खाली उतरून पुलाचा रूळ आपल्या खांद्यावर तोलून धरतो. डबा जातो, दुसरा जातो, त्याचे गुडघे वाकत जातात. शेवटचा डबा पार होतो आणि पूल त्याच्यासकट पाण्यात. मग नुसतं पाणी. पाण्यावरून तरंगत येणारा काळा मुखवटा. सिनेमात त्याच्यावर जीव लावणारी बाई तो मुखवटा उचलून छातीशी धरते. पडदा काळा होतो, दोन ओळी येतात, संपलं.

मामा काठी आपटत. एकदा, दोनदा, तीनदा.

"मंग काय जयं?"

सगळी डोकी त्यांच्याकडे वळत.

"अरे, मुखवटा उना ना वाहीसन? मुखवटाच उना! मानूस कोठे गया? ही नदी कोनती शे? आपली तापी शे! तो खाले खाले गया आनि प्रकाशाना घाटवर निंघना. मुखवटा कसाले ठेवी तो? आते त्याले वळखणार कोन? तो जित्ता शे, बाप्पा. कोठे हमाली करस, कोठे मिरचीनं पोतं उचलस. देखा, तुन्हा शेजारे बठेल व्हई!"

म्हणजे तो तापीकाठच्या प्रकाशा गावाच्या घाटावर जिवंत निघाला आणि आता आपल्यातच कुठे तरी बसला असेल! आणि सगळा तंबू हसून शेजाऱ्याकडे बघे. एका हमालाला तर लोक महिनाभर 'मुखवटेवाला' म्हणून हाक मारत होते. तोही बिचारा छाती काढून चालू लागला होता.

पुढच्याच ओळीत, गोणपाटावर, एक बाई बसायची. मिरचीच्या खळ्यात देठ खुडायचं काम करायची. आमच्याच गल्लीच्या टोकाला राहायची. तिचा नवरा तापीवर नाव चालवायचा. भादव्याच्या पुरात नाव उलटली, तिघे सापडले, हा सापडला नाही. जिवंत नाही आणि मेलेलाही नाही. सासरचे म्हणत होते, पिठाचा पुतळा करू, त्याला अग्नी देऊ, क्रिया उरकू. ती म्हणे, "मानूस दखाडा, मंग बांगड्या फोडा." पाच महिने ती हेच म्हणत होती. कुंकू लावत होती, हिरव्या बांगड्या कोपरापर्यंत सरकवून मिरच्या खुडत होती. सासू तिला येता-जाता टाकून बोले. आई म्हणे, "होळीपर्यंत काही ते लोक थांबायचे नाहीत."

ती रोज तंबूत यायची. रोज तोच सिनेमा. दरोडे, मारामाऱ्या चाललेल्या असताना डुलक्या काढायची, शेवटी पूल आला की ताठ बसायची. मामा "प्रकाशाना घाटवर निंघना" म्हणाले की तिच्या बांगड्या वाजत. एवढंच. मी तिच्या मागेच बसत असे, म्हणून ऐकू येई.

हे सगळं मला माहीत होतं हो. ते सांगण्यासाठीच तर लिहायला बसले. मला काही माहीत नव्हतं असं म्हणता आलं असतं तर बरं झालं असतं.

मला तेवढ्यात एक मोठा शोध लागला होता. मामा जे सांगतात ते पडद्यावर लिहिलेलं नसतं! मजकुरात "थांब, दुष्टा!" एवढंच असे आणि मामा त्याला सरदाराच्या आईबापापासून सुरुवात करत. मी मनाशी ठरवून टाकलं: ह्यांना वाचता येत नाही. अख्ख्या तंबूत ही गोष्ट फक्त मला कळली आहे, ह्या आनंदात मला दोन दिवस जेवण गेलं नाही. तिसऱ्या दिवशी मी ओळींमागून ओळी मोठ्यानं वाचू लागले.

"चूप बठ व, मास्तरनी!" मागून कोणी ओरडलं. मला ते कौतुकच वाटलं.

पूल पडला. मुखवटा तरंगत आला. पडदा काळा झाला. मामांनी काठी उचलली आणि ती जमिनीवर टेकायच्या आत मी उभी राहिले. वेण्या मागे टाकल्या. शाळेत साहेब तपासणीला आल्यावर वाचतात तशा आवाजात, एकेक शब्द सुटा करून मी वाचलं,

"लोकांसाठी त्याने आपला प्राण दिला. त्याचा देह नदीने कधीच परत केला नाही."

आणि वर सगळ्यांना समजावं म्हणून म्हणाले, "तो मेला. मामांना वाचता येत नाही, म्हणून ते चुकीचं सांगतात."

आईनं हात धरून खाली ओढलं. कोणी हसलं नाही. पुढच्या ओळीतली ती बाई उठून उभी राहिली होती. डोक्यावरचा पदर पुढे ओढत तिनं मामांना विचारलं, "भाऊ, तठे तसंच लिखेल शे का?"

मामांनी काय काय सांगितलं असेल जन्मभर! घोड्यांना बोलायला लावलं, मेलेल्या राजांना उठवलं. एक "नही" म्हटलं असतं तर तंबूत अकरा वर्षांच्या पोरीवर कोणी विश्वास ठेवला असता? ते तिच्याकडे बघत राहिले. काठी हातात उभी. गॅसबत्ती पेटवली गेली, लोक उठायला लागले, तरी ते काही बोलले नाहीत.

बाई निघून गेली. जाताना तिच्या बांगड्या वाजल्या असतील, मला आठवत नाही. मी माझ्याच विजयात होते.

त्याहून मोठा मूर्खपणा मी दुसऱ्या दिवशी सकाळी केला. पाटी-पेन्सिल घेऊन मी तंबूकडे गेले. मामांना अक्षरओळख शिकवायला! दया आली होती मला त्यांची. मामा तंबूच्या सावलीत करवंट्यांची फुटलेली कड घासत बसले होते.

"मामा, मी तुम्हाला अ आ इ शिकवते. घाबरू नका, सोपं असतं."

त्यांनी माझ्याकडे बघितलं, पाटी घेतली, मांडीवर ठेवली. आणि माझ्या वडिलांनासुद्धा जमलं नसतं अशा वळणदार अक्षरात कालच्या दोन्ही ओळी जशाच्या तशा लिहून काढल्या. खाली तेच गुजरातीत. पाटी मला परत दिली.

"मी पहिलेच दिन वाचेल शे, पोरी."

मी पाटी दोनदा वाचली. तरी सवय ती सवय. "मग खोटं का सांगत होता?"

"पहिले दोन दिन खरंच सांगं. मरी गया, असंच सांगं." ते करवंटी घासू लागले. त्या दोन दिवशी आम्ही तंबूत गेलो नव्हतो. "तिसरे दिन ती बाई समोर येईसन बठनी. लोकसनी माले तिन्हं सांगेल व्हतं."

करवंटीची कड बोटानं चाचपून म्हणाले, "माले वाटनं, तंबू शे तठलगून तरी चाली जाई."

तंबू असेपर्यंत तरी तिचं कुंकू राहील, एवढंच त्यांना वाटलं होतं. मी पाटी फ्रॉकनं पुसली. पुसता पुसता रडले. मामांनी मला उगी केलं नाही आणि रागावलेही नाहीत. एवढंच म्हणाले, "घर जाय, मास्तरनी. ऊन होई ऱ्हायनं."

त्या अमावास्येला पिठाचा पुतळा तापीवर नेला. आई जाऊन आली आणि दिवसभर माझ्याशी बोलली नाही.

मामा त्यानंतर आठवडाभर उभे राहिले. पण शेवट आला की काठी आपटत नसत. "मुखवटेवाला मरी गया. चला, घर जा," एवढं भिंतीला सांगावं तसं सांगत. लोक चिडले, शेठकडे तक्रारी गेल्या. मग तंबू उठला.

पुढच्या हंगामात तंबू आला तो बोलणारं यंत्र घेऊन. पडद्यावरची माणसं बोलत होती, गात होती. डाव्या अंगाला मामांच्या जागी कर्णा लटकवला होता. मी यंत्र चालवणाऱ्याला विचारलं, मामा कुठे आहेत? तो तारा जोडता जोडता म्हणाला, "पावसाळ्यातच वारले. भुसावळकडे, तापानं. शेठनं आधीच काढून टाकलं होतं त्यांना." आणि मला म्हणाला, "त्या तारेवर पाय देऊ नको."

काही दिवसांनी आईनं मला मिरची आणायला खळ्यावर पाठवलं. ढिगाभोवती बायका बसल्या होत्या, तोंडाला फडकी बांधून. सगळ्यांचे फक्त डोळे दिसत होते. तिला मी हातांवरून ओळखलं. कोपरापर्यंत मोकळे.

मी तोंड फिरवून जाणार होते. तिनंच हाक मारली.

"मास्तरनी पोर ना तू? तंबू उना म्हने."

"हो."

"तो सांगणारा भाऊ उना का?"

तिनं खुडणं थांबवलं नव्हतं. देठ एका बाजूला, मिरची दुसऱ्या. मी आयुष्यात पहिल्यांदा जे खरं ते सांगितलं नाही.

"नाही आले. ते सुरतेकडे आहेत. मोठ्या तंबूत. त्यांचं बरं चाललंय." आणि घाईघाईनं, त्यांच्यासारखंच म्हणायला गेले, "जित्ता शे."

तिचा हात थांबला. फडक्यावरच्या डोळ्यांनी तिनं माझ्याकडे नीट बघितलं. मिरचीच्या तिखट धुळीनं तिथे सगळ्यांचेच डोळे वाहत असतात, त्यामुळे काही कळायला मार्ग नव्हता.

"तुले सांगता येत नही, पोरी," ती म्हणाली आणि पुढची मिरची उचलली.