नवरदेवाच्या गाडीचा हीटर

पुतण्याच्या लग्नाच्या सगळ्या याद्या माझ्याकडे होत्या. एका गोष्टीवर मात्र माझी सत्ता नव्हती, ती म्हणजे नवरदेवाची गाडी. ती माझ्या धाकट्या दिरांची, सजवणारे तेच आणि चालवणारेही तेच.

सकाळी भिसेगावातल्या आमच्या दारात गाडी पाहिली आणि माझं डोकंच फिरलं. पुढची जाळी झेंडूच्या जाड चादरीखाली पार दिसेनाशी झाली होती. देठांनी रंगावर ओरखडे पडू नयेत म्हणून चादरीखाली प्लास्टिकही ताणून बांधलं होतं.

"भावोजी, पुढून वारा कुठून जाणार?"

"वहिनी, गाडी पाण्यावर थंड होते. पाणी भरलंय फुल्ल."

"पाणी फक्त इंजिनातली उष्णता उचलून रेडिएटरपर्यंत आणतं. पुढे ती वाऱ्याने न्यायची असते. वाराच नसेल तर तेच गरम पाणी परत इंजिनात फिरणार."

"हे पण यादीत आहे का?" असं म्हणून ते हसले.

या माणसाने मागे आपल्या घराच्या एसीचं बाहेरचं युनिट पावसाच्या झडीपासून वाचावं म्हणून पत्र्याच्या पेटीत कोंडलं होतं. ते यंत्र खोलीतली उष्णता बाहेर टाकायला असतं, ते पेटीत टाकत बसलं. खोली काही गार होईना. मग यांनी दुकानदाराशी भांडण काढलं. असं सगळं असूनही गाडी यांच्याच हातात.

मुहूर्त साडेबाराचा, हॉल खालापूरला. बाकी मंडळी बसने पुढे गेली. गाडीत दीर, मागे नवरदेव आणि मी. मे महिना, अंगात जरीची शेरवानी, डोक्यावर फेटा. एसी अर्थातच पूर्ण जोरात. त्याची उष्णताही पुढेच, रेडिएटरच्या तोंडाशी सोडली जाते, हे मी सांगितलं. कोणी ऐकलं नाही.

चौक फाट्याच्या अलीकडे फार्महाऊसवाल्यांच्या गाड्यांची रांग लागली होती. आम्ही गोगलगाईसारखे सरकायला लागलो आणि तापमानाचा काटा चढायला लागला. थोड्या वेळाने एसीतून गरम हवा येऊ लागली.

"एसी बंद करा आणि हीटर लावा. फुल्ल," मी म्हणाले.

दिरांनी आरशातून माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं, जणू मला ऊन लागलंय.

"हीटर? मे महिन्यात?"

"हीटर इंजिनाच्याच गरम पाण्यावर चालतो. तेवढी उष्णता इंजिनातून निघून गाडीत येईल."

"म्हणजे आपण शिजायचं?"

"आपण घामाने गार होऊ. इंजिनाला घाम येत नाही."

"काकू," नवरदेव कळवळून म्हणाला, "माझा मेकअप केलाय गं."

हीटर काही लागला नाही. बॉनेटखालून वाफ आली तेव्हा कुठे गाडी कडेच्या आंब्याखाली थांबली. दीर उतरले आणि बाटली घेऊन थेट रेडिएटरच्या टोपणाला हात घालायला निघाले. मी ओरडले, "हात लावू नका! उकळतं पाणी तोंडावर उडेल!" इंजिन निवेपर्यंत थांबण्याखेरीज इलाज नव्हता, आणि मुहूर्त थांबणार नव्हता.

झाडाखाली एक बाई करवंदं विकत बसली होती. ती फेट्याकडे बघून म्हणाली, "नवरदेव हाय ना रं तू? मग हितं काय करतोस? पलून आलास काय?"

"नाही हो मावशी, गाडी तापलीय."

"मंग चालत जा. पोरगी दुसऱ्याच्या गल्यात हार घालंल!"

मी प्लास्टिक सोडायला घेतलं, तेवढ्यात थोरल्या जाऊबाईंचा, म्हणजे नवरदेवाच्या आईचा फोन आला. दिरांनी माझी चुगली आधीच केली होती.

"फुलं काढायची नाहीत हं. नवरदेवाची गाडी बोडकी दारात नेतात का? अशुभ दिसतं."

"ताई, नवरदेवच दारात नसला तर कसं दिसेल?"

"तू प्रत्येक गोष्टीत शहाणपणा करतेस."

"करते," म्हटलं, फोन ठेवला आणि नवरदेवाकडे वळले. "लग्न तुझं आहे. गाडी सजलेली हवी की वेळेवर?"

तो शेरवानीच्या बाह्या सरसावून खाली बसला आणि गाठी सोडायला लागला. दिरांना फुलांची चादर घडी घालून मांडीवर घ्यावी लागली, कारण आता गाडी मी चालवणार होते.

इंजिन निवल्यावर टोपण फडक्याने धरून हळूच सैल केलं आणि जवळचं पिण्याचं पाणी सगळं आत ओतलं, तरी ते पुरेसं भरलं नाही. म्हणून पुढचा सगळा रस्ता काचा खाली, एसी बंद, हीटर पूर्ण जोरात. शेजारी दीर मांडीवरच्या झेंडूंसकट धुमसत होते. मागे नवरदेव फेटा हातात घेऊन बसला होता. त्याच्या कपाळावरून घाम वाहत होता आणि मेकअप त्याच्यामागून निघाला होता. काटा मात्र मधोमध थांबला.

हॉलच्या दारात ओवाळायला उभ्या असलेल्या बायकांनी त्याला बघून ताटं खाली घेतली. कोणीतरी म्हणालं, "अगंबाई, ताप आलाय वाटतं." जाऊबाईंनी आधी गाडीचं उघडं तोंड पाहिलं, मग माझं, आणि तोंड फिरवलं. गुरुजी आतून हाका मारत होते. ओवाळणं कसंबसं उरकलं आणि त्याला जवळजवळ ढकलतच अंतरपाटापाशी उभं केलं.

शेवटची मंगलाष्टका संपली, अक्षता पडल्या आणि त्याच्या ओल्या गालांवर, मानेवर जशाच्या तशा चिकटल्या. अंतरपाट खाली आला. नवरीने हार उचलला, त्याच्याकडे पाहिलं आणि पुढच्या रांगेतल्या आम्हा सगळ्यांना ऐकू येईल एवढ्या आवाजात विचारलं, "पोहत आलास का रे?"

त्याने हार घालून घ्यायला मान वाकवली आणि बोट माझ्याकडे दाखवलं.