ठिपका नसलेला खोका

कपांच्या कारखान्यात तिला सगळे डुलकी म्हणत. तोंडावर म्हणत आणि पाठीमागेही म्हणत. तिनेही त्या नावाला ओ द्यायची सवय करून घेतली होती. तिचं म्हणणं असं, की नावं ठेवल्याशिवाय लोकांना अन्न पचत नाही, मग निदान सुटसुटीत ठेवलं एवढे तरी उपकार माना. शाळेतल्या बाईंनी तिला सुस्त ठरवलं होतं, आईने लाडावलेली, आणि थोरल्या भावाने कुंभकर्णाची धाकटी बहीण. भावाला तिने तिथल्या तिथे ऐकवलं, "कुंभकर्ण झोपायचा खरा, पण उठवल्यावर लढायला तोच गेला. तू जागा असून काय करतोस?" तेव्हा ती नऊ वर्षांची होती.

तिची झोप तुमच्याआमच्यासारखी नव्हती, हे आधीच सांगितलेलं बरं. रात्री ती चारचौघांसारखी झोपे. पण भर वर्गात, जेवताना घास हातात असताना, कुणाशी बोलता बोलता, मानेवर ओलं पांघरूण टाकावं तसं जड व्हायचं आणि ती गेलीच. दहा मिनिटं, पंधरा मिनिटं. मग आपोआप जागी आणि टवटवीत. दुसरी तऱ्हा याहून वेगळी. मनापासून हसू आलं की तिच्या गुडघ्यांतलं बळ जायचं. त्यामुळे कुणी विनोद सांगायला घेतला की ही आधी भिंत शोधी, आणि लोक म्हणत, शिष्ट आहे, हसतसुद्धा नाही. नवरा पाण्याचे पंप दुरुस्त करणारा, जात्याच थट्टेखोर. लग्नानंतर वर्षभरात त्याला हे उमगलं, तेव्हापासून तो आधी इशारा द्यायचा, "अगं, बसून घे, आता एक सांगतो." तिला एवढं समजून घेणारा तो एकटाच.

कारखान्यात तिचं काम तपासणीचं. भट्टीतून निघालेले कप लांब टेबलावर येत. डाव्या हाताच्या बोटांवर कप उपडा धरायचा, उजव्या हातातली लाकडी काडी त्याच्या कडेवर हलकेच मारायची आणि ऐकायचं. चांगला कप खणखणीत वाजतो. डोळ्याला न दिसणारी केसाएवढी चीर असली तरी तो बद्द वाजतो. बद्द वाजला की खालच्या टोपलीत, नाहीतर खोक्यात. एका खोक्यात अठ्ठेचाळीस कप, वर आपल्या नंबरची चिठ्ठी. टेबलावर चौघी होत्या, पण कान म्हणावा तर हिचाच. शेजारच्या स्टुलावरची चष्मेवाली तिच्याइतकीच जुनी. तिला शंका आली की ती काडी हिच्या कानाशी वाजवी, आणि ही मानही न वळवता सांगे, "फेक."

पण झोपेला काय त्याचं? नोकरीच्या पहिल्याच वर्षी एकदा डुलकी जागी झाली, तर समोरच्या खोक्यात दोन ओळी भरलेल्या. भरल्या होत्या तिनेच. डोकं बंद पडलं तरी हात चालू राहिले होते. काडी मारत होते, कप उचलत होते, ठेवत होते. बघणाऱ्याला वाटलं असेल, काय मन लावून काम करते ही. तिला मात्र घाम फुटला. हातांनी वाजवलं ते ठीक, पण ऐकलं कुणी होतं?

त्या दिवशी तिने स्वतःशी एक नियम केला. जाग आली की समोरच्या खोक्याच्या कोपऱ्यावर पेन्सिलीचा बारीक ठिपका. मग जेवणाच्या सुट्टीत चार घास पोटात ढकलायचे, ठिपक्याचे खोके रिकामे करायचे आणि एकेक कप नव्याने वाजवून भरायचा. दिवसाला दोन खोके, कधी तीन. दुपारनंतर ठिपका पडला तर तो खोका दुसऱ्या दिवशीच्या सुट्टीपर्यंत स्टुलाखाली थांबायचा. कुणी विचारलंच तर म्हणायची, "मला नुसतं बसवत नाही." असं अकरा वर्षं चाललं. जिला अख्खा कारखाना झोपाळू म्हणत होता, तिच्याएवढी हक्काची सुट्टी त्या कारखान्यात दुसऱ्या कुणी कामात घातली नसेल.

घरी सासूबाई. त्यांची गत उलटी. त्यांच्या डोळ्याला डोळा लागत नसे. पहाटे चारलाच त्यांची भांडी वाजायला लागत आणि अख्खी गल्ली म्हणे, काय कष्टाळू बाई, घराला कशी जाग आहे. डुलकीला खरा राग यायचा तो याचा. झोप दोघींचीही बिघडलेली, एकीला पुरत नाही आणि एकीची उतू जाते. पण न झोपणारी ती कष्टाळू आणि झोपणारी ती आळशी, हा न्याय कुणाच्या घरचा? सासूबाईंचं ठरलेलं वाक्य होतं, "झोपलेल्याला जागं करता येतं, सोंग घेतलेल्याला नाही." त्यावर डुलकी म्हणे, "सोंगच घ्यायचं असतं ना आई, तर श्रीमंताचं घेतलं असतं."

चाळिशी उलटली आणि एके दिवशी दूध तापवता तापवता उभ्या उभ्या डोळा लागून तिचा हात भाजला. दवाखान्यात नवी डॉक्टरीण आली होती. पट्टी बांधताना तिने विचारलं, "एवढं भाजेपर्यंत कळलं कसं नाही?" लक्ष नव्हतं, हे नेहमीचं उत्तर डुलकीच्या ओठांवर आलं होतं. तेवढ्यात, मघाशी बाकावर तिला बोलता बोलता झोपताना पाहिलेल्या डॉक्टरणीने पुढचं विचारलं, "हसताना गुडघे सुटल्यासारखे होतात का?"

चाळीस वर्षांत हा प्रश्न तिला कुणी विचारला नव्हता. डुलकी रडायला लागली. भाजलेल्या हातासाठी ज्या बाईने एक टिपूस काढलं नव्हतं, ती एका साध्या प्रश्नाने हमसून हमसून रडली. मोठ्या इस्पितळात तपासण्या झाल्या, गोळ्या सुरू झाल्या, आणि शेवटी डॉक्टरणीने चिठ्ठीवर एक लांबलचक शब्द लिहिला, निद्राविकारग्रस्त.

"म्हणजे काय?" डुलकीने विचारलं.

"ज्यांची झोप बिघडलेली असते अशी माणसं. कुणी दिवसा आवरता न येणारी झोप येणारी, कुणी रात्र रात्र न झोपणारी, कुणी झोपेत चालणारी, कुणाचा झोपेत श्वास अडकतो. सगळी या एका शब्दात बसतात."

"आळशी बसतात का त्यात?"

"नाही. आळसावर माझ्याकडे औषध नाही."

"आणि ते ग्रस्त कशाला? पूरग्रस्त असतात, भूकंपग्रस्त असतात. त्यांना निदान ब्लँकेटं तरी वाटतात."

डॉक्टरीण हसली, डुलकीही हसली. खुर्चीत बसलेली होती म्हणून बरं.

घरी येऊन तिने तो शब्द सासूबाईंना अडखळत का होईना, पुरा म्हणून दाखवला आणि वर सांगितलं, "आई, तुम्हीसुद्धा याच्यात येता."

"मला काय धाड भरलीय?" सासूबाई म्हणाल्या आणि दोन दिवस बोलल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी त्यांनी भांडी पुसता पुसता हळूच विचारलं, "ती डॉक्टरीण किती वाजता बसते म्हणालीस?"

डुलकीला वाटलं, चाळीस वर्षांचा डाग धुऊन निघाला. म्हणून तिने ती चिठ्ठी स्वतः नेऊन कारखान्याच्या ऑफिसात दिली. चिठ्ठीत खाली लिहिलं होतं, दिवसातून दोनदा वीस मिनिटं विश्रांती द्यावी. जो शब्द दवाखान्यात तिच्या बाजूने उभा राहिला, तो ऑफिसातही तिच्याच बाजूने उभा राहील असं ती धरून चालली, आणि इथेच फसली.

कावळा बसायला आणि फांदी तुटायला एकच गाठ पडली. आठवड्याभरात एका हॉटेलातून एक खोका परत आला. आत पाच कप चिरलेले, वर डुलकीच्या नंबरची चिठ्ठी. साहेबांनी डॉक्टरणीची चिठ्ठी आणि तो खोका एकमेकांशेजारी ठेवला, आणि त्यांचं विचार करण्याचं काम तिथेच संपलं.

त्यांनी तिला बोलावून समोर बसवलं. साहेब माणूस वाईट नव्हता. वाईट असता तर भांडायला सोपं गेलं असतं. त्यांनी दोन कागद पुढे सरकवले. पहिल्यावर लिहिलं होतं, कामावर झोपणे, गैरवर्तन, सबब कामावरून कमी. दुसऱ्यावर लिहिलं होतं, निद्राविकारग्रस्त, सबब कामास अपात्र.

"तुम्हीच ठरवा, बाई," ते समजुतीने म्हणाले. "दुसऱ्यावर सही केलीत तर बदनामी नाही. आजाराला कोण काय करणार? उद्यापासून घरी आराम करा."

डुलकीने दोन्ही कागद सावकाश वाचले. पहिल्यावर ती दोषी होती, दुसऱ्यावर बिचारी, आणि दोन्हीकडून तिचं स्टूल जातच होतं. चाळीस वर्षं वाट पाहून मिळालेला शब्द, आणि त्याचा उपयोग यांनी तिला दाराबाहेर काढायला केला होता. तिला संताप आला. तिने कागद उलटे करून ठेवले.

"तिसरा कागद नाही का?"

"तिसरा कसला?"

"चष्मेवालीला गेल्या महिन्यात दिलात तो. तिच्या खोक्यातून सहा कप चिरलेले गेले होते."

"ती ताकीद होती. तिचं वेगळं आहे, बाई. ती जागी होती, तिच्याकडून चूक झाली."

"तो परत आलेला खोका बघू," डुलकी म्हणाली.

खोका कोपऱ्यातच होता. तिने तो टेबलावर उचलून ठेवला आणि चारही कोपरे उजेडात धरून पाहिले. कुठेच ठिपका नव्हता. आता बोलायचं की नाही, एवढंच उरलं होतं. बोललं तर अकरा वर्षं लपवलेलं आपल्याच तोंडाने कबूल करायचं. साहेबांना तेवढंच पुरलं असतं. तरी ती बोलली.

"हा खोका माझाच आहे. पण हा मी जागेपणी भरलाय. झोप लागली की मी खोक्यावर पेन्सिलीचा ठिपका देते आणि सुट्टीत तो पुन्हा तपासते. याच्यावर ठिपका नाही."

साहेबांनी चष्मा काढला. "म्हणजे अकरा वर्षं तुम्ही कामावर झोपत होता?"

"हो. रोज. गोदामात माझ्या नंबरचे खोके पडलेत. ठिपक्याचे उघडा आणि दुसऱ्या कुणाकडून तपासून घ्या. एक जरी कप बद्द वाजला तर पहिल्या कागदावर सही करते."

साहेब उठले. ठिपक्याचे पाच खोके टेबलावर आले आणि तपासायला चष्मेवालीला बोलावलं. दोनशे चाळीस कप. डुलकी भिंतीला टेकून उभी होती, आणि या वेळी हसू येत होतं म्हणून नव्हे. कप एकामागून एक खणखणत राहिले. शेवटचा ठेवल्यावर चष्मेवाली म्हणाली, "साहेब, यात एकही नाही." मग मैत्रिणीकडे वळून चिडून म्हणाली, "तू सुट्टीत हे करत होतीस? अगं, मला सांगितलं असतंस तर निम्मे मी केले असते."

साहेब पुन्हा खुर्चीत येऊन बसले. "मग त्या खोक्यात चिरलेले कप गेले कसे?"

"चुकले मी. जागं माणूस चुकतं, साहेब. त्या दिवशी माझं लक्ष कुठे होतं कुणास ठाऊक. पण ही चूक माझ्या जागेपणाची आहे, ती माझ्या झोपेच्या माथी मारू देणार नाही. चष्मेवालीला दिलीत तीच ताकीद मला द्या, त्याच कागदावर."

"आणि डॉक्टरांची चिठ्ठी? तो शब्द आता फाईलला लागलाय."

"लागू दे की. आजार सांगायला आणि वीस मिनिटं मागायला लिहिलाय तो. मला घालवायला लिहिलेला नाही. जेवढ्याला आहे तेवढ्यालाच वापरा."

साहेबांनी दोन्ही कागद मागे ओढले. मग खणातून ताकिदीचा कागद काढला, कारणाच्या रकान्यात निष्काळजीपणा असं लिहिलं आणि म्हणाले, "वर्षात तीन झाल्या की कामावरून जावं लागतं. मग मी काही करू शकणार नाही."

"हा नियम सगळ्यांना आहे ना?"

"सगळ्यांना."

"मग झालं," म्हणून तिने ठसठशीत सही केली. "आणि वीस मिनिटांचं?"

"वर विचारावं लागेल."

"विचारा. तोवर मी घेते."

टेबलाशी परत आल्यावर बाकीच्या दोघींनी काय झालं म्हणून विचारलं. डुलकीने बढती मिळाल्याच्या थाटात सांगितलं, "ताकीद मिळाली."

तीनच्या सुमाराला तिची मान जड व्हायला लागली. इतकी वर्षं अशा वेळी ती पाठ ताठ करी, डोळे ताणी आणि काडी आणखी घट्ट धरी, म्हणजे कुणाला कळू नये. आज तिने काडी खाली ठेवली, अर्धा भरलेला खोका बाजूला सारला आणि अख्ख्या टेबलाला ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं, "मी आता झोपतेय. वीस मिनिटं." मग दोन्ही हात टेबलावर घडी घालून त्यांवर डोकं टेकलं. त्या दिवशी तिच्याबरोबर तिचे हातही झोपले.