मुटिंताने ठेवलेला शॉट

लंडनजवळ स्लाऊला भाड्याच्या घरात वर मी आणि खाली मुटिंता. मी पुण्याहून सॉफ्टवेअरच्या नोकरीसाठी आलेली, ती झांबियाहून डॉक्युमेंटरी शिकायला. तिकडे तिने खाणकामगारांच्या विधवांवर फिल्म केली होती, नंतर तुरुंगातल्या बायकांवर. इथे आठवडाभर वेअरहाऊसमध्ये खोकी उचलायची आणि सुट्टीच्या दिवशी कॅमेरा घेऊन बाहेर पडायची. हट्टी होती, पण शब्दाची पक्की. माझी आई पुण्याहून आली तेव्हा मुटिंताने गुडघे वाकवून, हाताची ओंजळ करून दोनदा हलकी टाळी वाजवली. त्यांच्याकडे वडीलधाऱ्यांना असाच नमस्कार करतात. आई खूश झाली.

२००६ साली तिने केअर होममध्ये काम करणाऱ्या आफ्रिकन बायकांवर फिल्म केली. त्यातली मुख्य बाई बाना चोला, म्हणजे चोलाची आई; तिकडे बाईला मुलाच्या नावानेच हाक मारतात. झांबियात गावी हेडमिस्ट्रेस, इथे म्हाताऱ्यांना पुसून काढणारी, आणि व्हिसा संपून दोन वर्षं झालेली. "मी ओळखू येता कामा नये," एवढीच तिची अट. मुटिंताने चेहरा धूसर केला, नाव बदललं, तिच्या आवाजाच्या जागी स्वतःचा घातला. होममध्ये कॅमेरा नेता येईना, म्हणून बाना चोलाने आपल्या खोलीत उशीलाच पेशंट करून काम दाखवलं. उशीला हात लावण्याआधी तिने गुडघे वाकवले आणि ओंजळीने दोनदा टाळी वाजवली.

एडिटिंगच्या वेळी ते बघून मला रडू आलं. मुटिंता म्हणाली, "हा शॉट कट करू का? नुसते हात आहेत."

"अजिबात नाही. चेहरा नाही, आवाज नाही, मग त्या बाईचं राहिलं काय?" शहाणपणा शिकवायची मला भारी हौस.

"आमच्याकडे सगळेच करतात तसं. त्यावरून कोण ओळखणार?"

मलाही ते पटलं. नमस्कारावरून कुणी माणूस ओळखतं का?

फिल्म एका चॅनलवर लागली. चौथ्या दिवशी पहाटे इमिग्रेशनवाल्यांनी बाना चोलाला नेलं. डिटेन्शन सेंटरमधून तिचा मुटिंताला फोन आला. होमच्या मॅनेजरबाईंनी फिल्म बघून टाळीवरून ओळखलं आणि कळवलं होतं. त्या होममध्ये पेशंटला हात लावण्याआधी टाळी वाजवणारी ती एकटीच होती. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते आम्ही केलं, फक्त हात तिचे होते. ती चिडली नाही. "फिल्म चांगली झालीये म्हणे," म्हणाली. दोन आठवड्यांनी बाना चोलाला विमानात बसवलं.

मुटिंताचा कॅमेरा कपाटावर गेला तो परत उतरला नाही. पुढच्या उन्हाळ्यात आई पुन्हा आली. दार मुटिंतानेच उघडलं. हात पाठीमागे बांधून म्हणाली, "हॅलो, आई."

वर आल्यावर आईने विचारलं, "हिचं काही बिनसलंय का गं? या वेळी टाळी नाही वाजवली."

मी बॅग उघडायला घेतली. तो शॉट ठेव असं मीच सांगितलं होतं, हे आईला आजतागायत सांगितलेलं नाही.