टोपल्यातली भाकरी आणि 'येम'

माझा या असल्या गोष्टींवर कधीच विश्वास नव्हता. मी याद्या करणारी बाई. किराणा, औषधं, आईची कूस बदलायच्या वेळा — सगळं फ्रिजवर चिकटवलेलं. म्हणून हेही क्रमानेच सांगते...

आम्ही सिडकोत तळमजल्यावर राहतो. धाकटा भाऊ सुधीर नऊ वर्षं डेन्मार्कला होता. खुबा मोडल्यापासून आई दीड वर्ष अंथरुणातच. तिचा सिल्लोडकडचा नियम — घरचं माणूस परगावी असलं की टोपल्यात त्याच्या नावाची एक भाकरी झाकून ठेवायची. दुसऱ्या दिवशी ती गायीला, आणि टोपल्यात ताजी. नऊ वर्षं हे काम माझ्या यादीत होतं.

दर रविवारी सुधीर फोनवर मला एक डॅनिश शब्द शिकवायचा. शेवटचा शब्द 'येम'.

"म्हणजे घर. घराकडे निघालो तर 'येम', घरी असलो तर 'येमे'. लिहिताना आधी एच येतो, बोलताना नाही."

"मग लिहायचा कशाला?"

"लग्नपत्रिकेतल्या मानकऱ्यासारखा, ताई. नाव छापायचं, कामाला हात लावायचा नाही."

जुन्या भाषेत या शब्दाचा अर्थ म्हणे घरही होता आणि जगही. मी तो कागदावर लिहून कपाटाला लावला. येत्या शुक्रवारी सुधीर कायमचा परत येणार होता. यादीत लिहिलं — 'भाकरी : गुरुवारपर्यंत.'

बुधवारी दुपारी बाराला आईला जेवू घातलं, बाहेरून कुलूप लावलं आणि त्याच्यासाठी चादरी आणायला गेले. सव्वाला परतले. टोपल्यावरचं फडकं घडी घालून ओट्यावर ठेवलेलं. भाकरी नाही.

"आई, भाकरी कुठंय?"

"सुद्या खाऊन गेला. लई भुकेला व्हता."

"अगं, तो परवा येणार. स्वप्न पडलं असेल तुला."

"तू लई शहाणी! स्वप्नात भाकर संपती व्हय?"

तीन वाजता फोन आला. सायकलवरून कामावर जाताना सुधीरला ट्रकनं उडवलं होतं... जागीच गेला. तिथले सकाळचे आठ. हिवाळा होता, म्हणजे आपले साडेबारा.

नंतर मी कारणांची यादी केली. मांजर — खिडक्यांना जाळ्या आहेत. आई — तिला कूससुद्धा मीच बदलून देते. दुसरी किल्ली — ती सुधीरकडे होती, त्याच्या सामानातून महिन्याने आली. तिन्ही खोडली. चौथं कारण आजवर सुचलेलं नाही. तुम्हाला सुचलं तर जरूर कळवा, मी लिहून घेईन.

त्या संध्याकाळी, आईला कसं सांगावं या विचारात, मी तिच्या उशाशी बसले होते. तीच बोलली.

"आता भाकर ठिवू नको, बाई."

"का गं?"

"आपल्यात निघताना 'येतो' म्हणायचं असतंय. तो कधी चुकला नाय." तिनं भिंतीकडे तोंड वळवलं. "आज 'जातो' म्हणला."