चावडीच्या पायरीखाली

बोलताना ती उजव्या हाताचं बोट वर करायची. आढ्याकडे नव्हे, त्याच्याही पलीकडे कुठेतरी. "तुमी वरचे ना?" एवढं विचारायची आणि उत्तराची वाट न पाहता माझ्या मेजाशेजारी फरशीवर बसायची.

तिच्या समजुतीप्रमाणे गावाच्या वर तालुका, तालुक्याच्या वर नगर, नगरच्या वर आणखी कोणीतरी. खालच्यांचं चुकलं तर वरच्यांनी ते सरळ करायचं, नाहीतर ते वर कशाला बसलेत? सरकारी ओट्यांवर अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील.

मी तेव्हा नेवाशाच्या मामलेदार कचेरीत नवा कारकून होतो. स्वराज्य येऊन वर्षही झालं नव्हतं. आमच्या घरात मराठी पाचवी ओलांडलेला मी पहिला आणि पुण्याला राहून बी. ए. झालेला तर साऱ्या पंचक्रोशीत पहिला. तेव्हाही मी हे सांगत फिरायचो, आजही सांगतो. त्यात लाजायचं काय?

ती सोनईच्या पलीकडच्या एका खेड्यातली. साठी उलटलेली, नवरा गेलेला, मूलबाळ नाही. घरापुढच्या पडवीत तिची फुटाण्यांची भट्टी होती. पंचायतीने निवाडा दिला की पडवी रस्त्यात येते, ती पाडावी. रस्ता कोणाच्या बैलगाड्यांसाठी रुंद होत होता, हे गावातलं शेंबडं पोरही सांगू शकलं असतं. पडवी गेली की भट्टी जाणार आणि भट्टी गेली की बाईचं पोट.

पहिल्याच खेपेला तिने पदराची गाठ सोडून माझ्या मेजावर मूठभर फुटाणे ठेवले.

"मावशी, उचल ते. मी लाच घेत नाही."

"लाच कशाची, बाबा? दात हायेत का बघायला दिल्यात. त्या म्हाताऱ्या सायबाला न्हाईत, म्हनून त्याला दिलं न्हाई."

म्हातारे साहेब म्हणजे आमचे अव्वल कारकून. सगळी खोली हसली. तेही हसले, तोंड मिटून.

त्यांनीच तिला कायदा समजावून सांगितला. "बाई, पंचांचा निवाडा चूक की बरोबर, हे मामलेदार रावसाहेबांना बघता येत नाही. पंचांनी तुला बोलावून तुझं ऐकून घेतलं का, एवढंच बघता येतं."

"म्हंजी, चुकलं असलं तरी?"

"चुकलं असलं तरी."

ती माझ्याकडे वळून हळूच म्हणाली, "ह्यांच्या वर कोन हाय?"

खरं सांगायचं तर तो कायदा मला पसंत होता. गावाचा कारभार गावाच्या हाती राहावा, यावर कॉलेजात भाषण करून मी बक्षीस मिळवलं होतं. घोड्यावरून आलेल्या साहेबाने गावच्या पंचांना शहाणपण शिकवावं, हे मला कधीच पटलं नव्हतं. पण समोर फरशीवर बसलेल्या बाईला ते भाषण ऐकवायला जीभ रेटेना.

कचेरीबाहेर अर्ज लिहून देणारे बसत. चार ओळींत काम उरकायचे. मला ते अडाणी वाटायचे. म्हणून दुपारच्या सुटीत मी स्वतःच लिहायला बसलो.

"चावडीवर पंचांची सभा झाली तेव्हा तू होतीस ना?"

"व्हय तर! सकाळधरनं हुते."

"आणि तरी तुझं ऐकलं नाही?"

"कुनी न्हाई ऐकलं."

मी तीन पानं लिहिली. 'अर्जदार बाई सभेस जातीने हजर असतानाही पंचांनी तिच्या म्हणण्याची उपेक्षा केली.' हे वाक्य मला इतकं आवडलं की तिला दोनदा वाचून दाखवलं. तिने तोंडाला पदर लावला. "लई भारी लिवलंय, बाबा." आणि काजळीने काळवंडलेला अंगठा पुढे केला.

पंधरवड्यात अर्ज रावसाहेबांकडून नामंजूर होऊन आला. अव्वल कारकुनांनी तो माझ्यापुढे ठेवला आणि 'हजर' या शब्दाखाली नख ओढलं.

"काय ग्रॅज्युएट, चावडी कधी पाहिलीत?"

"पाहिली की. मी खेड्यातलाच आहे."

"तिच्यावर बाई चढलेली पाहिलीत?"

माझी आई चावडीपुढून जाताना वहाणा हातात घ्यायची.

बाहेर कचेरीच्या ओट्यावर जाऊन तिला विचारलं. ती सहज म्हणाली, "वर कशी जाईन? गावची सून मी. खाली लिंबाखाली बसले हुते. दुपारच्याला शिपायानं वही आनली, हितं अंगठा दे म्हनला. मला वाटलं, आता बोलिवत्यात. मग पंच उठून जेवाया गेले."

म्हणजे तिचं कोणी ऐकूनच घेतलं नव्हतं. रावसाहेबांना नेमकं तेवढंच तर बघता येत होतं.

"दुसरा अर्ज लिहितो," मी आत येऊन म्हणालो.

"पंचांच्या वहीत तिचा अंगठा होताच," अव्वल कारकून म्हणाले. "तरी चौकशी लावता आली असती. आता तुमच्या कागदावरही तिचाच अंगठा आहे, हजर होते म्हणून. नव्हते म्हणाली तर खोटी ठरेल. एक फट होती, ती तुम्ही शुद्ध मराठीत लिंपून टाकलीत."

तिला मी एवढंच सांगितलं की अर्ज नामंजूर झाला. कशामुळे, ते सांगितलं नाही.

"तुमी लई झटला माझ्यापायी," ती म्हणाली आणि पदराची गाठ सोडून फुटाणे माझ्या हातावर ओतले. त्या दिवशी मी नको म्हणालो नाही.

उन्हाळ्यात सरकारी कामाने त्या गावी जाणं झालं. पडवी नव्हती. घराच्या भिंतीवर काजळीचा उंच पट्टा तेवढा राहिला होता आणि त्याला घासून गाड्या जात होत्या. दाराला कुलूप. कोणी म्हणालं, भट्टीची कढई डोक्यावर घेऊन भाचीकडे गेली. भाची कुठली, ते कोणाला माहीत नव्हतं.

सरपंचांनी मला चावडीवर नेलं, सतरंजीवर बसवलं, गुळाचा चहा मागवला. "कचेरीनं गावाचा मान राखला, भाऊसाहेब."

समोर लिंबाखाली दोन बाया बसल्या होत्या. एक दुसरीला हात हलवून काहीतरी सांगत होती, मध्येच माझ्याकडे बोट करत होती. मी कान देऊन पाहिलं. त्यांचं बोलणं चावडीपर्यंत पोचत नव्हतं.

"घ्या ना, गार हुतोय," सरपंच म्हणाले.

मी कप उचलला.