तेरवीनंतर पाहू

बाबांना काचबिंदू होता. गेलेली नजर परत येत नाही, असं यवतमाळच्या डॉक्टरांनी तोंडावर सांगितलं होतं, म्हणून मला घाई झाली होती. दिग्रसच्या कापसाच्या जिनिंगमध्ये कारकुनीत जन्म घालवलेल्या या माणसाने एकदा नागपुरात एक जपानी सिनेमा पाहिला होता. त्यात ऑफिसातला एक कारकून बायकोला न सांगता जोडीचा नाच शिकायला जातो. बाबा ती गोष्ट येईल त्याला सांगत. इतक्या वर्षांनी त्याची डीव्हीडी निघाल्याचं कळलं आणि मी ती पुण्याहून मागवली. रविवारी संध्याकाळी पाहायचं ठरलं.

शनिवारी समोरच्या घरचा जावई, मारेगावकडचा कर्जबाजारी शेतकरी, विष घेऊन गेला. कापसाने माणसं खाल्ली ती हीच वर्षं. आमच्या गल्लीत कुणाकडे मयत असली की तेरवीपर्यंत टीव्ही लागत नसे.

"आवाज बंद करू ना, बाबा. जपानी तसंही कुठं समजते? खालची इंग्रजीच तर वाचायची."

"उजेड दिसते ना खिडकीतून. त्यायच्या घरी चूल पेटली नाही अन् आपण नाच पाहून राह्यलो, बरं दिसते का?"

मी चिडले. माणुसकीचा मक्ता आपल्यालाच दिलाय का, असंही बोलून गेले. त्याची अजून लाज वाटते. बाबा नुसतं म्हणाले, "तेरवीनंतर पाहू."

ती तेरवी होते न होते तोच मागच्या घरी मयत झाली, मग आमच्याच ओळीत. प्रत्येक वेळी बाबा स्वतः जाऊन बसत. तिसऱ्या वेळी ते भिंत धरून परत आले.

शेवटी उन्हाळ्यातल्या एका दुपारी सिनेमा लावला. बाबा टीव्हीपासून हातभर अंतरावर बसले. थोड्या वेळाने म्हणाले, "अक्षरं नाही दिसत, माय. तू वाच."

मी जमेल तसं मराठीत सांगू लागले. हसायच्या जागी ते हसलेही. मग नाच सुरू झाला. खाली अक्षरं येणं थांबलं, तशी मीही थांबले.

"थांबली काहून?"

"नाचून राह्यले, बाबा."

"मंग सांग ना, कसे?"

"तो तिला धरून फिरवते."

"ते त मले माहीत आहे. पाय कसे टाकते?"

मी पाहत राहिले. मी कधी वरातीतही नाचले नव्हते. मला सांगताच येईना. बाबा मान पुढे करून माझ्या बोलण्याची वाट पाहत बसले, आणि तेवढ्यात नाच संपला.