भोईरांची चावी

"चावी जमा झाल्याशिवाय माझी सही नाही," असं म्हणून स्टोअरकीपरने फाइल माझ्या टेबलावर आणून टाकली.

फाइल गजानन भोईर यांची होती, राहणार चांदीप. पाणीपुरवठ्यात व्हॉल्व्हमन म्हणून हयात गेली. रिटायर होऊन सात महिने झाले होते. पेन्शन नाही, ग्रॅच्युइटी नाही. घरी बायको, आठवड्यातून दोनदा डायलिसिस.

मी आस्थापना शाखेत होते. राऊत मॅडमच्या टेबलावरून चुकीचा कागद सुटत नाही, अशी माझी ख्याती होती आणि मला तिचा अभिमानही होता. एका वेळी एकच त्रुटी काढायची, ही आमच्याकडची पद्धत. पुढची त्रुटी पहिलीचं उत्तर आल्यावर. भोईरांची पहिली त्रुटी साक्षीदाराच्या सहीची. दुसरी फोटोची. पेन्शनच्या कागदांना नवरा-बायकोचा एकत्र फोटो लागतो, त्यांनी दोघांचे वेगवेगळे लावले होते. तिसरी ना-देय प्रमाणपत्राची. म्हणजे या माणसाकडे ऑफिसचं काही येणं नाही, असा कागद. भोईरांकडे व्हॉल्व्ह फिरवायची लोखंडी चावी होती.

मी त्यांना बोलावून घेतलं.

"चावी तुमच्याकडेच आहे ना?"

"हाय ना, बाय."

"मग जमा का करत नाही?"

"जमा केली तं पानी कोन सोडील? नव्या मानसाला व्हॉल्व्ह कुठं हायेत तेच ठावं नाय. सायेब बोलले, भोईर, थोडे दिवस सांभाळ."

मी तडक इंजिनिअर साहेबांकडे गेले.

"साहेब, भोईर अजून पाणी सोडतात?"

"तोंडी सांगितलं होतं."

"मग चावी तुमच्या सांगण्यावरून ठेवली, असं लेखी द्या."

"लेखी कसं देऊ? रिटायर माणसाला कामावर ठेवता येत नाही."

म्हणजे ज्या चावीने तो माणूस आमचं काम फुकट करत होता, तिच्यासाठीच आम्ही त्याची फाइल अडवून धरली होती. मला आमची सगळ्यांची लाज वाटली.

"उद्याच चावी जमा करा," मी भोईरांना सांगितलं.

"आनि पानी?"

"पाण्याचं ऑफिस बघेल."

ते दुसऱ्या दिवशी आले नाहीत. चार दिवसांनी आले. मधले दिवस ते नव्या माणसाला सायकलवर मागे बसवून एकेक व्हॉल्व्ह दाखवत होते. चावी ठेवली आणि दहा मिनिटांत स्टोअरकीपरची सही झाली.

पुढे मंजुरीला आणखी दोन महिने गेले. फाइल रखडली तर तात्पुरती पेन्शन देता येते, तसा नियम आहे. मला तो पाठ होता. पण काम आज-उद्या होईलच, म्हणून मी प्रस्ताव टाकला नाही.

ऑर्डर आली तेव्हा मी स्वतः फोन केला. भोईर आले, ऑर्डर घेतली, घडी करून खिशात ठेवली.

"बाईंची तब्येत कशी आहे?"

"ती गेली, बाय. तेरा दिवस झाले परवा."

 नियमाप्रमाणे पुढचं बोलावं लागलंच. कुटुंब पेन्शनसाठी लावलेलं पत्नीचं नाव आता कमी करावं लागणार होतं, मृत्यूचा दाखला हवा होता. तो त्यांनी बरोबर आणलाच होता. या वेळी एकही कागद कमी नव्हता.

मी लाल पेन घेतलं. तसे ते म्हणाले, "नाव काटा. फोटूवर रेघ मारू नका. लग्नानंतर आमचा दोघांचा तेवढाच फोटू हाय. तुमी मागितला म्हनून काढला. डायलिसिसवरून परत येताना तिला स्टुडिओत नेली. दमली होती, पन केस विंचरले तिनं."

फोटोच्या तीन प्रती लागतात. एक ऑफिस कॉपीला टाचलेली होती. मी टाचणी काढली आणि ती प्रत त्यांच्या हातात दिली. नियमात बसत नव्हतं.

आता मीही रिटायर आहे. माझ्या खुर्चीवर नवीन कोणी आलं की एवढंच सांगते, त्रुटी काढायच्या तर सगळ्या एकदम काढा. माझ्या तीन त्रुटींना नऊ महिने लागले. भोईरबाईंकडे तेवढे नव्हते.